बेने इस्राएलांच्या मराठी लेखनावर पीएचडी: नोंदणीपासून व्हायव्हापर्यंत

फेब्रुवारी २०२४ मध्ये माझ्या पीएचडीची अधिसूचना निघाली. प्रबंधाचं नाव ‘बेने इस्राएल समाजाचं मराठी लेखन (१८४०–१९२०): विचार, वाङ्मय आणि अस्मिता’. बेने इस्राएल म्हणजे कोकणातले मराठी बोलणारे ज्यू. तेव्हापासून एमए करणारी मुलं आणि नोकरी सांभाळून पीएचडी करू पाहणाऱ्या शिक्षक मैत्रिणी सारखं विचारताहेत. असा विषय मराठी विभागात मान्य कसा झाला, हिब्रू येत नसताना सुरुवात कुठून केली, पुस्तकं कुठे सापडली, खर्च किती आला. प्रत्येकीला तुटक तुटक सांगण्यापेक्षा सगळं एकदा ओळीने लिहून ठेवते.

मी रायगड जिल्ह्यात कनिष्ठ महाविद्यालयात मराठी शिकवते. आमच्याकडे बेने इस्राएल हे नाव नवं नाही. अलिबागची इस्रायल आळी, पनवेल, पेण आणि रेवदंड्याची सिनेगॉगं म्हणजे ज्यूंची प्रार्थनामंदिरं, नवगावची जुनी दफनभूमी हे सगळं जाता-येता दिसणारं. गलबत फुटून सात पुरुष आणि सात बायका नवगावच्या किनाऱ्याला लागल्या, त्यांचे वंशज तेलाचे घाणे चालवू लागले, शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून ‘शनवार तेली’ म्हटले गेले, ही कथाही सगळ्यांना ठाऊक. पेणकर, केहिमकर, दिवेकर, राजपूरकर ही गावांवरून पडलेली आडनावंही ओळखीची. पण या लोकांनी मराठीत काय लिहिलं, हे मला एमए होईपर्यंत कोणीच सांगितलं नव्हतं. २०१७ मध्ये एका चर्चासत्रात पुण्यात १८७४ साली छापलेल्या हागादाची पानं पडद्यावर पाहिली. हागादा म्हणजे पेसाहच्या, म्हणजे मराठी बायबलात ज्याला वल्हांडण म्हटलंय त्या सणाच्या रात्री घरात वाचायचं पुस्तक. हिब्रू मजकूर, त्याचं मराठी भाषांतर, आणि चित्रांत साड्या नेसून, मांडी घालून सणाच्या भाकऱ्या करत बसलेल्या बायका. ही मराठी कोणी लिहिली, कोणासाठी लिहिली, ती वाचणारे स्वतःला काय समजत होते, हे प्रश्न मनात बसले ते बसलेच.

त्यानंतरचे काही महिने गाईड शोधण्यात गेले. यूजीसीच्या नियमाने सहायक प्राध्यापकाकडे एका वेळी चार, सहयोगी प्राध्यापकाकडे सहा आणि प्राध्यापकाकडे आठच विद्यार्थी असू शकतात. त्यामुळे विषय आवडला तरी जागा रिकामी हवी. मी आधी फोन करत असे आणि पाल्हाळ लावून विषय सांगत असे. मग एका ज्येष्ठ सरांनी सुचवलं की दोन पानांचं टिपण कर, त्यात तू वाचणार असलेल्या पुस्तकांची नावं टाक आणि ते पाठव. ते टिपण वाचून ज्या मॅडमनी मला घेतलं, त्यांना ज्यू धर्माची विशेष माहिती नव्हती. एकोणिसाव्या शतकातल्या मराठी गद्याचा अभ्यास मात्र दांडगा होता. ‘धर्म आपण दोघी शिकू, त्या काळची मराठी मी तुला वाचायला शिकवीन,’ असं त्या म्हणाल्या. अशा विषयाला असाच गाईड हवा, हे माझं आजही ठाम मत आहे. ज्यू विषयातला तज्ज्ञ गाईड मिळेपर्यंत थांबले असते तर अजून थांबलेलीच असते.

मी सेट (सहायक प्राध्यापकपदाची राज्य पात्रता परीक्षा) उत्तीर्ण असल्यामुळे पेटची, म्हणजे पीएचडी प्रवेशाची, लेखी परीक्षा द्यावी लागली नाही, मुलाखत झाली. नोकरीत असल्यामुळे संस्थेचं ना हरकत प्रमाणपत्र लागलं. ते ‘पुढच्या बैठकीत ठेवू’ म्हणत बराच काळ रखडलं, तेव्हा हा कागद सगळ्यात आधी मागायला घ्या. जुन्या विद्यापीठातून एमए केलं असेल तर स्थलांतर प्रमाणपत्रही लागतं आणि त्यालाही वेळ जातो.

ऑगस्ट २०१८ मध्ये आरआरसी, म्हणजे संशोधन आणि मान्यता समिती, समोर आराखडा मांडला. याच दिवसाची मला सगळ्यात धास्ती होती. बाहेरच्या व्हरांड्यात आम्ही सगळे फायली छातीशी धरून बसलो होतो. माझ्या आधीचा मुलगा बाहेर आला तो शीर्षक पूर्ण बदलूनच. मला विचारलेला पहिला प्रश्न होता, ‘हा विषय इतिहासाचा नाही का?’ दुसरा, ‘निस्सीम इझिकेल यात येतात का?’ इझिकेल (१९२४–२००४) बेने इस्राएल घरातले आणि मुंबईचे, पण त्यांची कविता इंग्रजी, त्यामुळे ते माझ्या कक्षेबाहेर, असं सांगितलं. पहिल्या प्रश्नाचं उत्तर तोंडी देण्यापेक्षा मी यादी पुढे केली. १८४६ ची मुंबईत शिळाछापावर छापलेली हागादा मराठी भाषांतरासह, १८७४ ची पुण्याची, जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४–१९०५) यांनी मराठीत आणलेली प्रार्थनापुस्तकं, कीर्तनाख्यानं. हे सगळं मराठीत लिहिलेलं, मराठी वाचणाऱ्यांसाठी छापलेलं आणि मराठी वाङ्मयाच्या इतिहासात बहुतेक ठिकाणी न नोंदलेलं आहे, एवढंच बोलले. समितीने विषय मान्य केला, पण माझं ‘भारतीय ज्यू साहित्य’ हे मूळ शीर्षक कापलं. ते योग्यच होतं. कोचीच्या ज्यूंची मल्याळम गाणी, बगदादी ज्यूंचं अरबी वळणाचं लेखन हे सगळं एका प्रबंधात मावणारं नव्हतं. समाज एक, भाषा एक आणि ऐंशी वर्षांची मुदत, अशी चौकट ठरली. तुमचा आराखडा करताना मूळ ग्रंथांची यादी आणि प्रत्येक ग्रंथ कुठे उपलब्ध आहे याचा एक रकाना नक्की जोडा. समितीला उरलेलं फार समजावावं लागत नाही.

कोर्सवर्क उन्हाळ्याच्या सुट्टीत आणि शनिवार-रविवारी उरकलं. त्याबद्दल सांगण्यासारखं विशेष नाही, हजेरी मात्र सांभाळा.

मग शोध सुरू झाला. मराठी पुस्तकांवर काम करणाऱ्या कोणालाही शं. ग. दाते यांच्या ‘मराठी ग्रंथसूची’पासूनच आरंभ करावा लागतो. पहिल्या खंडात १८०० ते १९३७ पर्यंतची पुस्तकं विषयवार लावलेली आहेत. मी धर्माचा विभाग ओळीने वाचला, मग आडनावांवरून चरित्र, कविता आणि नाटकांचे विभाग. दुसरी सूची हिब्रूतली. अव्राहम यारी यांनी पूर्वेकडच्या देशांतल्या हिब्रू छपाईची जी सूची केली, तिच्या १९४० साली जेरुसलेममध्ये निघालेल्या भागात मुंबई आणि पुण्याच्या छापखान्यांची पुस्तकं आहेत. तिसरा आधार इंग्रज सरकारचा. १८६७ च्या कायद्याने मुंबई इलाख्यात छापलेल्या पुस्तकांची नोंद सरकारदरबारी करावी लागे आणि त्याच्या तिमाही याद्या निघत. त्यांत लेखक, छापखाना, पानं, किंमत, एवढंच काय, किती प्रती काढल्या हेही असतं. पुस्तक हाती लागलं नाही तरी ते निघालं होतं आणि किती आण्याला विकलं जात होतं, एवढं त्यावरून कळतं. माझ्या प्रबंधातलं वाचकवर्गावरचं प्रकरण या याद्यांमुळेच उभं राहिलं.

प्रत्यक्ष पुस्तकांसाठी मुंबईतली एशियाटिक सोसायटी, त्याच टाउन हॉलमधलं राज्य मध्यवर्ती ग्रंथालय, दादरचं मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय, ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय आणि पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ अशा फेऱ्या सुरू झाल्या. गाईडचं शिफारसपत्र लेटरहेडवर, सहीशिक्क्यासह, भरपूर प्रतींत जवळ ठेवा. आधार कार्डाची झेरॉक्स, दोन फोटो, पेन्सिल आणि पातळ सुती हातरुमाल पिशवीतून काढूच नका. एका ग्रंथालयात कार्डावर असलेलं पुस्तक कपाटात नव्हतं, आणि ‘असेल कुठेतरी’ याच्या पुढे उत्तर मिळेना. त्या रात्री घरी येऊन मी खूप रडले. ज्याची ती प्रत बहुधा एकमेव होती ते आख्यान मला शेवटपर्यंत मिळालं नाही. प्रबंधात तसं लिहिलं.

हिब्रूचा अभ्यास याच काळात. लिपीत अक्षरं बावीस, लेखन उजवीकडून डावीकडे. प्रार्थनापुस्तकांत आणि हागादांत स्वरखुणा दिलेल्या असतात, त्यामुळे ती वाचणं आजच्या हिब्रू वर्तमानपत्रापेक्षा सोपं जातं. मी आठवड्यातून दोनदा ऑनलाइन वर्ग लावला, महिना बाराशे रुपये. मला हिब्रू बोलता येत नाही, त्याची गरजही पडली नाही. मूळ ओळ आणि मराठी ओळ शेजारी ठेवून भाषांतरकाराने काय वगळलं, काय घातलं हे दिसण्याइतकं आलं आणि तेवढं वर्षभराच्या मेहनतीत येतं. एक फार उपयोगी पडणारी गोष्ट सांगते. मुखपृष्ठांवर आणि थडग्यांवर हिब्रू वर्ष अक्षरांत लिहिलेलं असतं आणि हजाराचा आकडा बहुधा गाळलेला असतो. मिळालेल्या आकड्यात १२४० मिळवले की इसवी सन येतो. ६३४ असेल तर १८७४. ज्यू वर्ष सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये सुरू होतं, म्हणून पहिल्या तीन-चार महिन्यांतली तारीख असेल तर सन एकाने मागे जातो.

मार्च २०२० मध्ये सगळं बंद झालं. ग्रंथालयं बंद, सिनेगॉग बंद, ज्या वृद्धांशी बोलायचं त्यांच्या घरी जाणं तर अशक्यच. मला वाटलं, विषय इथेच संपला. मॅडम म्हणाल्या, जे पडद्यावर मिळतं ते आधी संपव. जेरुसलेमच्या इस्राएलच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या संकेतस्थळावर बरंच काही मोफत वाचता येतं. त्या ग्रंथालयाने २०१७ मध्ये व्हाल्माडोना हा प्रसिद्ध खासगी संग्रह मिळवला आणि त्यात भारतात छापलेली हिब्रू पुस्तकंही होती. जे खुलं नव्हतं त्याचे स्कॅन ईमेलने मागवले. त्यांचं कामकाज रविवारी सुरू होतं, शुक्रवार-शनिवार उत्तराची वाट पाहू नये. पत्र इंग्रजीत, नेमका ग्रंथ क्रमांक आणि पृष्ठं देऊन लिहिलं की काम लवकर होतं. स्कॅनसाठी माझे एकूण चौदा हजारांच्या आसपास गेले. नोकरदार संशोधकाला अधिछात्रवृत्ती नसते, त्यामुळे हे सगळं पगारातून. ज्यांना जेआरएफ ही संशोधन अधिछात्रवृत्ती आहे त्यांनी आकस्मिक खर्चाच्या अनुदानात हे बसवावं आणि पावत्या पहिल्या दिवसापासून जपाव्यात.

त्या बंद दिवसांत मी कीर्तनं वाचली, आणि माझ्या कामाला खरा आकार तिथे आला. १८८० च्या सुमारास मुंबईतल्या काही बेने इस्राएल मंडळींनी आपल्या समाजासाठी कीर्तनं सुरू केली. बेंजामिन शिमशोन अष्टमकर हे त्यातलं महत्त्वाचं नाव, त्यांचं अब्राहामचरित्र छापलं गेलं. योसेफ, मोशे यांच्या कथा साकी, दिंडी, आर्या, ओवी यांत बांधलेल्या. एरवी आख्यानाआधी आपण गणेश-शारदेला वंदन ऐकतो, तिथे एकाच निराकार परमेश्वराचं स्तवन. यावर आजवर जे थोडं लिहिलं गेलं त्यात ‘हिंदू प्रभाव’ हा शब्द सहज येतो. मला ते पटलं नाही आणि प्रबंधात मी तसं स्पष्ट लिहिलं. प्रभाव नकळत पडतो. इथे माणसं विचार करून बसली आहेत. त्यांच्यापुढे प्रश्न होता की हिब्रू न येणाऱ्या आपल्या घरच्यांना, विशेषतः बायकांना, तोराच्या, म्हणजे ज्यूंच्या मूळ धर्मग्रंथाच्या, कथा कशा पोचवायच्या. शाळा होत्या, भाषांतरं होती, पण रात्रभर लोकांना खिळवून ठेवणारी रचना मराठीत एकच होती, आणि ती त्यांनी जाणीवपूर्वक निवडली. छंद मराठी ठेवले, ईश्वरकल्पना मात्र तसूभर हलू दिली नाही. योसेफाला भाऊ विकतात तो प्रसंग ओवीत वाचताना माझे डोळे भरून आले. आपल्या आजीला कळेल अशी ती भाषा आहे.

याची पार्श्वभूमी समजायला आधीचा अर्धशतकाचा काळ पाहावा लागतो. १८२९ मध्ये मुंबईत आलेल्या स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये मराठीतून हिब्रू व्याकरण छापलं. मिशनरी शाळांत बेने इस्राएल मुलं शिकली, हिब्रू शिकली, आणि ख्रिस्ती न होता त्याच शिक्षणाच्या जोरावर स्वतःची पुस्तकं काढू लागली. हाईम सॅम्युएल केहिमकर यांनी १८७५ मध्ये समाजाची शाळा काढली, तीच पुढे माझगावची सर एली कदूरी शाळा. केहिमकरांनी समाजाचा इतिहास इंग्रजीत १८९७ मध्ये लिहून पूर्ण केला, पण तो छापला गेला १९३७ मध्ये, तेल अवीवला, त्यांच्या पश्चात. चाळीस वर्षं हस्तलिखित पडून राहिलं, हे वाचल्यावर आपल्या सहा महिन्यांच्या विलंबाची तक्रार करावीशी वाटत नाही.

निर्बंध उठल्यावर, २०२१ च्या दिवाळीनंतर, माणसांना भेटायला सुरुवात केली. इथे थोडं सविस्तर सांगते, कारण यात काळजी घ्यावी लागते. शुक्रवारी संध्याकाळी आणि शनिवारी फोन करू नये. शब्बाथला, म्हणजे या शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी, सिनेगॉगमध्ये गेलात तर वही, पेन, रेकॉर्डर बाहेर काढू नये. पुरुषांनी डोकं झाकावं. बायकांनी ओढणी किंवा पदर घ्यावा. सुरक्षेमुळे मुंबई-पुण्याच्या सिनेगॉगमध्ये आधी विश्वस्तांची परवानगी लागते, ओळखपत्राची प्रत द्यावी लागते आणि कधी कधी नकारही येतो. नकार आला तर आग्रह धरू नका. संमतिपत्र मराठीत करा, मोठ्या अक्षरात, एका पानाचं. माझं विद्यापीठाकडून आलेलं इंग्रजी तीन पानी होतं, ते पाहून एक आजोबा गप्पच झाले, मराठी पान दिल्यावर चष्मा लावून वाचलं आणि सही केली.

या घरांत प्रत्येक अभ्यासक, प्रत्येक वार्ताहर तेच विचारून गेलेला असतो. गलबत कुठे फुटलं, तुम्ही मराठी कसं बोलता, मलिद्याचा विधी कसा करतात. मी पहिल्या भेटीत प्रश्नच विचारले नाहीत, सोबत नेलेल्या छापील पानांच्या प्रती पुढे ठेवल्या. मग आपोआप बोलणं निघे. अलिबागच्या एका आजींना नव्याचा सण, खिरीचा सण, शिळा सण, अनशी धाकाचा सण ही सणांची जुनी नावं आठवत होती. त्यांच्या मुलांना हिब्रू नावंच माहीत. माझ्याकडच्या प्रतीतलं एक पद त्यांनी चालीवर म्हणून दाखवलं. ती चाल कुठेही लिहिलेली नाही. अलिबागजवळच्या खंडाळा गावातल्या खडकावर एलियाहू हन्नबीच्या, म्हणजे प्रेषित एलियाच्या, रथाच्या खुणा मानतात, तिथे मलिद्याला मला आपणहून बोलावलं. पोहे, नारळ, साखर, फळं, आणि हिब्रू स्तवन संपल्यावर सगळं बोलणं कोकणी ढंगाच्या मराठीत.

ज्या घरांतली बहुतेक मंडळी इस्राएलला गेली, त्यांच्याशी व्हिडिओ कॉलवर बोलले. अश्दोद, लोद, दिमोना. त्यांची वेळ आपल्या साडेतीन तास मागे, उन्हाळ्यात अडीच. तिथे ‘मायबोली’ नावाचं मराठी नियतकालिक चालत आलंय, ज्येष्ठांच्या घरी त्याचे जुने अंक निघतात. अस्मितेचं शेवटचं प्रकरण या संवादांमुळे बदललं. माझी मुदत १९२० ला संपते, पण १९६० नंतर इस्राएलमध्ये बेने इस्राएलांच्या विवाहांवर धर्मपीठाने शंका घेतल्या, वंशाची चौकशी करायचे आदेश निघाले, त्याविरुद्ध लोक रस्त्यावर उतरले आणि ऑगस्ट १९६४ मध्ये क्नेसेटने, म्हणजे इस्राएलच्या संसदेने, ते सर्वार्थाने ज्यू असल्याचं जाहीर केलं. हे ज्यांनी तरुणपणी भोगलं ती माणसं अजून आहेत. मैमोनिडीस या मध्ययुगीन ज्यू तत्त्वज्ञाने बाराव्या शतकाच्या अखेरीस एका पत्रात लिहिलं होतं की भारतातल्या ज्यूंना शब्बाथ आणि सुंता यांखेरीज धर्मातलं काही ठाऊक नाही. ते वाक्य बेने इस्राएलांबद्दलच आहे का यावर वाद आहे. मला त्यातून दिसलं ते हे, की दूरच्या केंद्राने यांना कायम ‘काय येत नाही’ यावरून मोजलं. १८४६ ते १९२० या काळात त्यांनी मराठीत उभं केलेलं धर्मवाङ्मय समोर ठेवलं तर ते मोजमाप टिकत नाही. माझ्या प्रबंधाचा निष्कर्ष एवढाच आहे आणि तो सिद्ध करायला साडेतीनशे पानं लागली.

दर सहा महिन्यांनी प्रगती अहवाल द्यावा लागतो. झालेलं काम, पुढचं काम, गाईडची सही. कितीही कंटाळा आला तरी अहवालात पूर्ण परिच्छेद लिहा, पुढे तेच प्रकरणांत येतात. माझी नोंदणी २०१६ च्या नियमांखाली होती, त्यामुळे एक शोधनिबंध आणि परिषदांत दोन वाचनं सक्तीची होती. २०२२ च्या नियमांत ही सक्ती राहिलेली नाही. तरी एक निबंध छापाच, त्या निमित्ताने बाहेरच्या माणसाची नजर आपल्या लेखनावरून फिरते.

टंकलेखनाबद्दल कळकळीची विनंती, पहिल्या दिवसापासून युनिकोडमध्येच टाइप करा. वाङ्मयचौर्य तपासणीचं सॉफ्टवेअर जुन्या फाँटातला मजकूर नीट वाचत नाही. दहा टक्क्यांपर्यंतचं साम्य चालतं, अवतरणचिन्हांतला मजकूर वगळायला ग्रंथपालांना आधीच सांगून ठेवा, कारण माझ्यासारख्या कामात अवतरणंच फार असतात. मराठी ओळीत मध्येच हिब्रू आलं की उजवं-डावं उलटं होतं. हिब्रू ओळ वेगळ्या परिच्छेदात घ्यायची, तिची दिशा स्वतंत्र ठरवायची आणि छपाईआधी पीडीएफ डोळ्यांखालून घालायची. मी हिब्रू वर्गातल्या बाईंना प्रत्येक उतारा दाखवून घेतला.

नोव्हेंबर २०२२ मध्ये पूर्वसादरीकरण झालं. विभागातले शिक्षक आणि इतर संशोधक विद्यार्थी बसतात, सूचना लेखी मिळतात, त्या पाळल्याचं टिपण पुढे जोडावं लागतं. मार्च २०२३ मध्ये प्रबंध सादर केला. परीक्षा विभागाची ना-देय प्रमाणपत्रं, ग्रंथालयाचं वेगळं, सॉफ्ट कॉपी, गोषवारा, घोषणापत्र, शुल्काची पावती. कारकून काकांनी यादीतली एकेक ओळ पेन्सिलीने टिचकी मारत तपासली. छपाई आणि बांधणीला नऊ हजार लागले. सगळ्या वर्षांचं विद्यापीठ शुल्क मिळून पासष्ट हजारांच्या घरात गेलं. प्रवास, झेरॉक्स आणि हिब्रूचा वर्ग वेगळा.

त्यानंतरची प्रतीक्षा सगळ्यात अवघड. परीक्षकांचे अहवाल यायला नोव्हेंबर उजाडला. या काळात विचारायला कोणी नसतं आणि करायला काही नसतं. महिन्यातून एकदा अर्ज क्रमांक देऊन नम्र ईमेल करत राहा. त्याला उत्तर येतं. त्याच सुमारास ऑक्टोबरमध्ये इस्राएलवर हमासचा हल्ला झाला आणि युद्ध पेटलं, त्यानंतर ज्यांच्याशी मी बोलत होते त्या घरांची काळजी लागून राहिली. कितीतरी दिवस प्रबंधाचा विचारही मनात आला नाही, फक्त ‘सुखरूप आहात ना’ एवढे निरोप जात-येत होते.

जानेवारी २०२४ मध्ये व्हायव्हा, म्हणजे प्रबंधावरची तोंडी परीक्षा, झाला, खुला होता. वीस मिनिटं मांडणी, मग प्रश्न. बाहेरच्या परीक्षकांनी विचारलं, ‘हे साहित्य ज्यू परंपरेत ठेवायचं की मराठी?’ मी म्हटलं, दोन्हीकडे पूर्ण हक्काने. ज्यूंनी अरबीत, यिडिशमध्ये लिहिलं ते ज्यू विचारपरंपरेत मोजलं जातं, मराठीतलंही मोजलं जावं. आणि साकी-दिंडीत रचलेलं आख्यान मराठी कीर्तनपरंपरेच्या इतिहासात नसेल तर तो इतिहास अपुरा आहे. दुसरा प्रश्न अवघड होता, की बायकांचं स्वतःचं लेखन या काळात किती? छापील पुरावा थोडा आहे, गाणी तोंडी आहेत, एवढंच प्रामाणिकपणे सांगितलं. परीक्षकांनी मान डोलावली. सभागृहात मागच्या रांगेत अलिबागच्या आजींचा नातू बसला होता, त्याने फोनवरून आजींना सगळं ऐकवलं.

अधिसूचनेनंतर तात्पुरतं प्रमाणपत्र मिळतं, नोकरीतल्या वेतनवाढीसाठी तेवढं पुरतं. पदवी दीक्षान्त समारंभाचा वेगळा अर्ज भरून घ्यावी लागते, त्याची मुदत चुकवू नका. प्रबंध शोधगंगावर, म्हणजे सगळ्यांना खुल्या असलेल्या प्रबंधांच्या संकेतस्थळावर, जातो, तेव्हा ज्यांच्या मुलाखती घेतल्या त्यांची नावं बदलली आहेत ना, हे सादर करण्याआधीच तपासा. ज्यांनी वेळ दिला त्या प्रत्येक घरी मी बांधलेली प्रत किंवा निदान त्यांच्याशी संबंधित प्रकरण पोचवलं. अश्दोदला पीडीएफ गेली.

या विषयात काम करू इच्छिणाऱ्यांसाठी पुष्कळ शिल्लक आहे. बेने इस्राएलांची मराठी नियतकालिकं कोणीतरी अंकवार सूचीत आणायला हवीत. कोकणातल्या दफनभूमींतल्या हिब्रू-मराठी शिलालेखांची नोंद करायला हवी, समुद्राच्या खाऱ्या हवेने अक्षरं झिजताहेत. आणि बायकांची गाणी, चालींसह. त्यासाठी पुढच्या दोन-चार वर्षांतच निघावं लागेल. माझ्याकडची ग्रंथांची यादी, कुठली प्रत कुठे आहे याचा तक्ता आणि मराठी संमतिपत्राचा नमुना ज्याला हवा त्याला देते.